लॉगिन झालं, तरी पुन्हा लॉगिनचंच पान? या क्रमानं तपासा

यूजर ‘साइन इन’चं बटण दाबतो, प्रोव्हायडरच्या (गूगलसारख्या ओळख पटवून देणाऱ्या सेवेच्या) पानावर जाऊन पासवर्ड देतो, मोबाइलवर आलेला कोड टाकतो. अ‍ॅड्रेस बार दोन-तीनदा लुकलुकतो आणि समोर पुन्हा तेच ‘साइन इन’चं बटण. लाल अक्षरांत काही नाही, कुठं बिनसलं याचा मागमूस नाही. पासवर्ड चुकला असेल असं वाटून बिचारा यूजर तो बदलून येतो. तरीही तेच.

हा बिघाड मी इतक्या वेळा काढलाय की मोजणं सोडून दिलं. दर वेळी टीमचं म्हणणं ठरलेलं: ‘आम्ही काहीच बदललं नाही, प्रोव्हायडरकडेच घोळ आहे.’ प्रोव्हायडरकडे घोळ निघाल्याचे प्रसंग बोटांवर मोजण्याइतके. बाकी सगळे दोष आपल्याच उंबऱ्यावर सापडले: परत येण्याचा पत्ता, कुकी (साइटनं ब्राउझरमध्ये ठेवलेली छोटी नोंद), घड्याळ, नाहीतर मुदत संपलेलं सीक्रेट (प्रोव्हायडरकडे आपली ओळख पटवायचा आपला गुप्त शब्द).

लक्षणं

बिघाड एकच वाटला तरी त्याची रूपं वेगळी असतात. आपलं कुठलं ते आधी ओळखा, म्हणजे खालची निम्मी तपासणी वाचते.

- प्रोव्हायडरच्या पानावरच एरर येतो, ब्राउझर आपल्याकडे परततच नाही. (तपासणी २ आणि ३)
- ब्राउझर गोल-गोल फिरतो आणि शेवटी ‘फार वेळा रीडायरेक्ट झालं’ म्हणून हात टेकतो. (४)
- परत आल्यावर ‘स्टेट जुळत नाही’ असा एरर. (४ आणि ५)
- लॉगिनचं पान दिसतं, पण नवीन टॅबमध्ये साइटचा पत्ता टाइप केला की लॉगिन झालेलं असतं. (४, आणि जवळजवळ नक्कीच)
- एकदा होतं, एकदा होत नाही. (५)
- डेव्हलपरच्या मशीनवर चालतं, सर्व्हरवर नाही. (३ आणि ४)
- कुणी काही डिप्लॉय केलं नाही आणि एका सकाळी सगळ्यांचंच बंद. (६ आणि ७)
- लॉगिन नीट होतं, पण तासाभरानं यूजर बाहेर फेकला जातो. (८)

फेरी कशी असते

तपासणीआधी वाट डोळ्यांसमोर हवी, नाहीतर अंधारात चाचपडणं होतं.

ओऑथ २.० हा अधिकार सोपवण्याचा प्रोटोकॉल. ऑक्टोबर २०१२ मध्ये तो आरएफसी ६७४९ म्हणून आला (आरएफसी म्हणजे इंटरनेटच्या नियमांचा क्रमांकित दस्तऐवज). ‘या अ‍ॅपला माझं कॅलेंडर वाचू द्या, माझा पासवर्ड मात्र त्याला कळू देऊ नका’ एवढंच त्याचं काम. म्हणजे हे अधिकारपत्र झालं. अधिकारपत्रात काय करायची मुभा आहे ते असतं. ती देणारा माणूस कोण, हे अ‍ॅपला सांगणं त्याचं काम नव्हे. लोक मात्र त्याच्यावरच लॉगिन चालवू लागले, प्रत्येक जण आपापल्या पद्धतीनं. मग फेब्रुवारी २०१४ मध्ये ओपनआयडी कनेक्ट आलं आणि त्यानं ओऑथच्याच वाटेवर ओळखपत्र जोडलं, म्हणजे आयडी टोकन (टोकन ही प्रोव्हायडरनं दिलेली डिजिटल चिठ्ठी). अ‍ॅक्सेस टोकन हे अधिकारपत्र, आयडी टोकन हे ओळखपत्र. या दोघांची अदलाबदल केली की काय होतं ते सातव्या तपासणीत येईलच.

फेरीच्या पाचच पायऱ्या आहेत. आपलं अ‍ॅप ‘स्टेट’ नावाची एक रँडम खूण तयार करून कुकीत किंवा सेशनमध्ये (त्या भेटीच्या सर्व्हरवरच्या नोंदीत) ठेवतं आणि ब्राउझरला प्रोव्हायडरकडे पाठवतं. यूजर तिथं पासवर्ड आणि संमती देतो. प्रोव्हायडर ब्राउझरला आपल्या कॉलबॅक पत्त्यावर परत पाठवतो, सोबत एक अल्पायुषी कोड आणि तीच स्टेट. आपला सर्व्हर तो कोड थेट प्रोव्हायडरच्या सर्व्हरला देऊन बदल्यात टोकन घेतो; हे बोलणं ब्राउझरला दिसत नाही. आणि शेवटी आपलं अ‍ॅप स्वतःची सेशन कुकी लावून यूजरला आत घेतं.

ही पाचवी पायरी आरएफसीत सापडणार नाही, कारण ती सर्वस्वी आपली. आणि घसरतं ते बहुधा तिथंच.

१. कुणाचं बिघडलंय?

दोन मिनिटांचं काम, खर्च शून्य. इन्कॉग्निटो खिडकी उघडून लॉगिन करा. मग दुसऱ्या ब्राउझरमध्ये, मग दुसऱ्या खात्यानं.

इन्कॉग्निटोत चाललं तर जुन्या कुकीज आड येतायत. एका ब्राउझरात चालतं आणि दुसऱ्यात नाही, तर कुकीचे नियम बघायचे. एका खात्यालाच अडचण असेल तर कोडला हात लावू नका. त्या खात्याची संमती, भूमिका किंवा आपल्या डेटाबेसमधली त्याची नोंद बघा. इथं एक नेहमीची खोच सांगतो. बऱ्याच अ‍ॅपमध्ये यूजर ईमेलवरून ओळखलेला असतो. त्यानं प्रोव्हायडरकडे ईमेल बदलला की आपल्या लेखी तो परका होतो. ओळख आयडी टोकनमधल्या ‘इश्शुअर’ (टोकन कुणी दिलं) आणि ‘सब’ (त्याच्याकडचा यूजरचा क्रमांक) या दोन क्लेमच्या, म्हणजे नोंदींच्या, जोडीवरून ठेवायची. ईमेल बदलू शकतो, तो फक्त दाखवायला ठेवा.

२. अ‍ॅड्रेस बार वाचा

ऐकायला बाळबोध वाटेल, पण माझ्याकडे आलेल्या कितीतरी प्रकरणांत उत्तर अ‍ॅड्रेस बारमध्ये लिहिलेलं होतं आणि कुणी ते वाचलं नव्हतं, कारण ते अर्धा सेकंदच दिसतं. डेव्हलपर टूल्समधला नेटवर्क टॅब उघडा, ‘प्रिझर्व्ह लॉग’वर टिक करा आणि लॉगिन पुन्हा करा. मग कॉलबॅकची ओळ शोधा आणि तिच्या पत्त्यात काय आलंय ते बघा.

‘कोड’ आणि ‘स्टेट’ आले असतील तर प्रोव्हायडरनं आपलं काम केलंय, दोष पुढं आहे. ‘एरर’ आला असेल तर त्याचा शब्द महत्त्वाचा. ‘अ‍ॅक्सेस डिनाइड’ म्हणजे यूजरनं किंवा त्याच्या संस्थेच्या अ‍ॅडमिननं नकार दिला. ‘इनव्हॅलिड स्कोप’ म्हणजे आपण मागितलेली मुभा प्रोव्हायडरला ठाऊक नाही किंवा आपल्या अ‍ॅपला मंजूर नाही. ‘लॉगिन रिक्वायर्ड’ म्हणजे पान न दाखवता गुपचूप लॉगिन करायला सांगितलं होतं, पण प्रोव्हायडरकडे यूजरचं सेशनच नाही. हा शेवटचा शब्द दिसला की बरेच जण घाबरतात. त्यात बिघाड काही नाही. आपण तो पकडून यूजरला नेहमीच्या लॉगिन पानावर पाठवायचं असतं.

प्रोव्हायडर काही एरर आपल्याकडे पाठवतच नाही, स्वतःच्या पानावर दाखवतो: क्लायंट आयडी (प्रोव्हायडरकडचा आपला नोंदणी क्रमांक) चुकीचा, किंवा परतीचा पत्ता नोंदलेला नाही. तो मुद्दाम असं करतो. पत्त्याचीच खात्री नसेल तर ब्राउझरला तिकडं पाठवणं म्हणजे चोराच्या दारात नेऊन सोडणं.

३. परतीचा पत्ता, अक्षर न् अक्षर

रीडायरेक्ट यूआरआय, म्हणजे परतीचा पत्ता, हा ‘साधारण तोच’ असून भागत नाही. जानेवारी २०२५ मध्ये आलेल्या आरएफसी ९७०० नं तर स्पष्टच म्हटलंय की नोंदलेला आणि पाठवलेला पत्ता तंतोतंत जुळला पाहिजे. सूट फक्त मोबाइल-डेस्कटॉप अ‍ॅपच्या लोकलहोस्टवरच्या (स्वतःच्याच मशीनवरच्या) पोर्ट क्रमांकाला.

दोन्ही पत्ते एका साध्या टेक्स्ट फाइलमध्ये एकाखाली एक पेस्ट करा. डोळ्यांवर विसंबू नका, एडिटरच्या ‘शोधा’मध्ये एक टाकून दुसरा सापडतो का बघा. शेवटचा स्लॅश, सुरुवातीचा ‘डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू’, पोर्ट क्रमांक, एचटीटीपी की एचटीटीपीएस, पाथमधलं लहान-मोठं अक्षर: यातला एकही फरक पुरतो. ‘लोकलहोस्ट’ आणि ‘१२७.०.०.१’ हे आपल्याला एकच. प्रोव्हायडरला ते दोन वेगळे पत्ते.

आता नेहमीचा फास. अ‍ॅपपुढं प्रॉक्सी (मध्यस्थ सर्व्हर) किंवा लोड बॅलन्सर (विनंत्या अनेक सर्व्हरांत वाटणारा) असतो. बाहेरून एचटीटीपीएस येतं, प्रॉक्सी ते उलगडून आत साधं एचटीटीपी पाठवतो. अ‍ॅपला वाटतं आपण एचटीटीपीवरच आहोत, आणि ते परतीचा पत्ताही तसाच बनवतं. डेव्हलपरच्या मशीनवर प्रॉक्सी नसतो म्हणून तिथं सगळं सुरळीत. उपाय दोन: प्रॉक्सीकडून ‘एक्स-फॉरवर्डेड-प्रोटो’ हेडर (मूळ विनंती एचटीटीपीएसवरून आली का हे सांगणारी ओळ) येतोय ना ते बघा आणि फ्रेमवर्कला त्यावर विश्वास ठेवायला सांगा, किंवा सरळ कॉन्फिगमध्ये पूर्ण पत्ता लिहून टाका. मी दुसरा करतो. पत्त्याचा अंदाज बांधायची संधी अ‍ॅपला देऊच नये.

एक बारीक गोष्ट राहते. पहिल्या फेरीत हा पत्ता पाठवला असेल तर कोड बदलून घेतानाही तोच जसाच्या तसा पाठवावा लागतो. एकदा तासभर शोधल्यावर कळलं की पहिला पत्ता एका फाइलमधून येत होता, दुसरा दुसऱ्या फाइलमधून, आणि दुसऱ्याच्या शेवटी स्लॅश होता.

४. कुकी

इथं बसकण मारा. गोल-गोल फिरण्याचं मूळ मला सगळ्यात जास्त वेळा इथं सापडलंय.

पहिला प्रश्न: कॉलबॅकच्या उत्तरात ‘सेट-कुकी’ हेडर आहे का? नसेल तर बहुधा अ‍ॅपनं सेशन बनवलंच नाही. सर्व्हरचा लॉग बघा आणि सहाव्या तपासणीवर जा. दुसरा प्रश्न: हेडर आहे, पण ब्राउझरनं कुकी ठेवली का? नेटवर्क टॅबमध्ये त्या ओळीच्या कुकीजमध्ये नाकारलेली कुकी खूण करून दाखवलेली असते आणि कारणही लिहिलेलं असतं. तिसरा: ठेवली, पण पुढच्या विनंतीसोबत पाठवली का? या तीन प्रश्नांनी बिघाड कोपऱ्यात सापडतो.

ठेवली नसेल तर सहसा कारण ‘सिक्युअर’ (कुकी फक्त एचटीटीपीएसवर चालेल अशी खूण) असतं, किंवा आकार. एका कुकीत साधारण ४०९६ बाइटच मावतात. आयडी टोकन, अ‍ॅक्सेस टोकन, रीफ्रेश टोकन सगळं एकाच कुकीत कोंबलं, आणि यूजर पन्नास ग्रुपचा सभासद असला, की कुकी फुगते आणि ब्राउझर ती न बोलता टाकून देतो. म्हणून साध्या यूजरचं लॉगिन होतं आणि सगळे अधिकार असलेल्या अ‍ॅडमिनचंच होत नाही, असं उफराटं चित्र दिसतं. टोकन सर्व्हरवर ठेवा, कुकीत नुसता सेशनचा क्रमांक.

‘सिक्युअर’चा प्रश्न पुन्हा प्रॉक्सीचाच. आपण एचटीटीपीवर आहोत असं समजून काही फ्रेमवर्क सिक्युअर कुकी लावतच नाहीत, आणि एररही देत नाहीत.

ठेवली पण पाठवली नाही, तर ‘सेमसाइट’कडे बघा. परक्या साइटवरून आलेल्या विनंतीसोबत कुकी पाठवायची का, हे ते ठरवतं. त्याची तीन मूल्यं, कडक ते सैल: स्ट्रिक्ट, लॅक्स, नन. सेशन कुकी ‘स्ट्रिक्ट’ असेल तर गंमत होते. प्रोव्हायडरच्या साइटवरून सुरू झालेला प्रवास आपल्या कॉलबॅकवर येतो, तिथं कुकी लागते, लगेच होमपेजवर रीडायरेक्ट होतं. पण ब्राउझरच्या लेखी हा अजून परक्या साइटवरून सुरू झालेलाच प्रवास आहे, म्हणून तो स्ट्रिक्ट कुकी पाठवत नाही. होमपेज म्हणतं, कोण तुम्ही? आणि पुन्हा लॉगिनला पाठवतं. नव्या टॅबमध्ये पत्ता टाइप करून एंटर मारलं की तीच कुकी जाते आणि यूजर आत! पान नुसतं रीफ्रेश करून ही परीक्षा करू नका. रीफ्रेशमध्ये मूळ प्रवास परका होता हे ब्राउझर लक्षात ठेवू शकतो. सेशन कुकी ‘लॅक्स’ करा.

दुसरी गंमत ‘लॅक्स’ची. काही प्रोव्हायडर कोड पत्त्यात न देता फॉर्म पोस्ट करून पाठवतात. अ‍ॅपलच्या साइन-इनमध्ये नाव किंवा ईमेल मागितला की फॉर्म पोस्टच वापरावा लागतो. परक्या साइटवरून आलेल्या पोस्टसोबत लॅक्स कुकी जात नाही, मग स्टेट सापडत नाही आणि ‘जुळत नाही’चा एरर. तिथं स्टेटपुरती कुकी ‘नन’ आणि ‘सिक्युअर’ अशी दोन्ही लावावी लागते. नुसती ‘नन’ लावली तर ब्राउझर ती नाकारतो.

यातूनच माझ्या वाट्याला आलेलं सगळ्यात चमत्कारिक प्रकरण. सपोर्टवाल्यांची तक्रार होती की लॉगिन फक्त वयस्कर लोकांना जमत नाही. टीममधल्या कुणालाच एकदाही एरर आला नव्हता. सगळे हसले. मी एका तक्रारदाराला स्क्रीन शेअर करायला सांगितलं. त्यांनी शांतपणे चष्मा शोधला, मोबाइल दुसऱ्या खोलीतून आणला, कोड एकेक आकडा वाचत टाकला. आणि एरर आला. क्रोमनं २०२० च्या फेब्रुवारीत, ८० व्या आवृत्तीपासून, सेमसाइट न लिहिलेल्या कुकीला लॅक्स समजायला सुरुवात केली. पण जुन्या साइट मोडू नयेत म्हणून एक सवलत ठेवली: अशी कुकी दोन मिनिटांच्या आतली असेल तर परक्या पोस्टसोबतही जाऊ द्यायची. आमच्या स्टेट कुकीवर सेमसाइट लिहिलेलंच नव्हतं. दोन मिनिटांत लॉगिन उरकणारे सगळे तरत होते, चष्मा शोधणारे बुडत होते. तेव्हापासून चाचणी करताना मी लॉगिनच्या पानावर मुद्दाम पाच मिनिटं थांबतो.

राहिला होस्टचा मुद्दा. लॉगिन ‘डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू’वर सुरू झालं आणि कॉलबॅक त्याशिवायच्या पत्त्यावर आला, तर स्टेटची कुकी मागेच राहते. एक पत्ता ठरवा, दुसरा लॉगिनआधीच तिकडं वळवा.

५. स्टेट, टॅब आणि दोन सर्व्हर

यूजरनं लॉगिनचं पान दोन टॅबमध्ये उघडलं तर दुसऱ्या टॅबची स्टेट पहिलीला पुसते, आणि पहिल्या टॅबमधून आलेला माणूस अडकतो. प्रत्येक प्रयत्नाची कुकी वेगळ्या नावानं ठेवा. काही जण प्रोव्हायडरचंच लॉगिन पान बुकमार्क करतात. आठवड्यानं तिथून आले की आपल्याकडे त्या स्टेटचा पत्ता नसतो. अशा वेळी एरर तोंडावर मारू नका, नव्यानं फेरी सुरू करून द्या. पण एकदाच! मोजणी न ठेवता ‘पुन्हा पाठव’ लिहिलं की त्यातूनच नवा भोवरा तयार होतो.

‘एकदा होतं, एकदा नाही’ याचं उत्तर बहुधा लोड बॅलन्सरमागच्या दोन सर्व्हरांत असतं. स्टेट पहिल्याच्या मेमरीत, कॉलबॅक दुसऱ्याकडे. सेशन दोघांना दिसेल अशा एका जागी हलवा. तपासायला सोपं आहे: एक सर्व्हर तात्पुरता बाजूला काढा, लॉगिन दहा वेळा करा.

आणि कितीही घाई असली तरी स्टेटची तपासणी बंद करून ‘चाललं एकदाचं’ म्हणू नका. ती काढली की कुणीही आपल्या खात्याचा कोड दुसऱ्याच्या ब्राउझरात घुसवून त्याला नकळत आपल्या खात्यात बसवू शकतो. मग तो बिचारा आपली माहिती परक्याच्या खात्यात भरत राहतो.

६. कोड देऊन टोकन घेताना

हा टप्पा ब्राउझरात दिसत नाही, त्यामुळं सर्व्हरचा लॉग लागतो. लॉगमध्ये फक्त ‘लॉगिन अयशस्वी’ असेल तर आधी तो सुधारा: प्रोव्हायडरच्या उत्तरातला एररचा शब्द आणि वर्णन लिहा. टोकन, कोड, सीक्रेट मात्र कधीही लॉगमध्ये लिहू नका.

‘इनव्हॅलिड क्लायंट’ आला तर सीक्रेट. कॉपी करताना शेवटी आलेली मोकळी जागा किंवा नवी ओळ, टेस्टचं सीक्रेट प्रॉडक्शनवर, किंवा मुदत संपलेली. ‘एका सकाळी सगळ्यांचंच बंद’ याचं पहिलं संशयित हेच. अ‍ॅपलकडे सीक्रेट हे आपणच सही केलेलं टोकन असतं आणि त्याला सहा महिन्यांहून जास्त मुदत देता येत नाही. म्हणून तिथं हा प्रकार ऋतुचक्रासारखा येतो. कॅलेंडरमध्ये तारीख टाका, त्याहून बरं म्हणजे ते आपोआप नवं बनेल असं करा. सीक्रेटमध्ये अधिकचं चिन्ह, टक्का किंवा विसर्गासारखे दोन टिंब असतील तर आणखी एक शक्यता: ‘बेसिक’ पद्धतीनं (हेडरमध्ये घालून) पाठवताना ओऑथच्या नियमानुसार ते आधी यूआरएल-एन्कोड करायचं असतं आणि मग बेस६४. काही लायब्ररी पहिली पायरी गाळतात.

‘इनव्हॅलिड ग्रँट’ हा शब्द जरा पोतडीसारखा आहे, त्यात बरंच काही कोंबलेलं असतं. कोड एकदाच चालतो आणि ओऑथच्या नियमांतल्या सल्ल्यानुसार जास्तीत जास्त दहा मिनिटं टिकतो. प्रत्यक्षात पुष्कळदा त्याहून कमी. तोच कोड दोनदा गेला की दुसऱ्याला नकार, आणि प्रोव्हायडर काटेकोर असेल तर पहिल्याला दिलेली टोकनंही रद्द. दोनदा का जातो? रिअ‍ॅक्ट १८ या लायब्ररीच्या स्ट्रिक्ट मोडमध्ये डेव्हलपमेंटला इफेक्ट (पान दिसल्यावर चालणारा कोड) मुद्दाम दोनदा चालतो. कोड बदलण्याचं काम इफेक्टमध्ये लिहिलेलं असेल तर झालंच. यूजरनं कॉलबॅकचं पान रीफ्रेश केलं तरी तेच. कोड वापरून होताच स्वच्छ पत्त्यावर रीडायरेक्ट करा.

पीकेसीई (चोरलेला कोड दुसऱ्याला वापरता येऊ नये म्हणूनची जोडखूण) वापरत असाल, आणि वापरायलाच हवं, तर व्हेरिफायर (आपण गुप्त ठेवलेली रँडम खूण) ४३ ते १२८ अक्षरांचा आहे ना बघा. त्याचा एसएचए-२५६ ठसा काढून बेस६४-यूआरएलमध्ये लिहिला की चॅलेंज (प्रोव्हायडरला आधी पाठवायचं रूप) नेमका ४३ अक्षरांचा येतो. ४४ आला तर शेवटचं बरोबरचं चिन्ह राहिलंय. चॅलेंजमध्ये अधिकचं चिन्ह किंवा स्लॅश दिसला तर साधं बेस६४ वापरलंय. ही लांबी मोजणं दहा सेकंदांचं काम आहे आणि मी ते कोड वाचण्याआधी करतो.

७. घड्याळ, किल्ल्या आणि टोकनची अदलाबदल

सर्व्हरचं घड्याळ बघा. मागं पडलं असेल तर नुकतंच मिळालेलं आयडी टोकन ‘भविष्यातलं’ वाटतं आणि लायब्ररी ते फेकून देते. वेळ एनटीपीनं (नेटवर्कवरून घड्याळ जुळवण्याच्या पद्धतीनं) जुळवा. तपासताना एक-दोन मिनिटांची सूट चालते, तासाची नाही. टोकनातली वेळ १९७० पासूनच्या सेकंदांत असते आणि जावास्क्रिप्टची मिलिसेकंदांत. हजारानं भागायचं राहिलं की प्रत्येक टोकन कायम मुदतबाह्य.

आयडी टोकनवरची सही प्रोव्हायडरच्या जाहीर किल्लीनं तपासायची असते आणि प्रोव्हायडर किल्ल्या बदलत राहतात. कुणीतरी किल्ली कोडमध्ये चिकटवून ठेवली असेल तर ती बदलली त्या दिवशी सगळं ठप्प. अनोळखी किल्ली-क्रमांक आला की यादी पुन्हा मागवा, पण किती वेळा मागवायची याला लगाम ठेवा.

‘ऑडियन्स’ जुळत नाही असं आलं तर टोकन कुणाच्या नावे निघालंय ते वाचा. आयडी टोकन आपल्या अ‍ॅपच्या नावे असतं, ते एपीआयला (डेटा देणाऱ्या सेवेला) देऊन काम होत नाही. ४०१ (‘ओळख पटली नाही’चा एरर) येतो, आणि अ‍ॅप ४०१ बघून यूजरला लॉगिनला पाठवतं. पुन्हा भोवरा. एपीआयकडे अधिकारपत्र न्यायचं, ओळखपत्र नाही.

८. तासाभरानं बाहेर

अ‍ॅक्सेस टोकनचं आयुष्य छोटंच असतं, ते नवं करायला रीफ्रेश टोकन. ते मिळालंय का, हे आधी बघा. काही ठिकाणी वेगळं मागावं लागतं. गूगलकडे ‘ऑफलाइन’ म्हणून मागावं लागतं आणि ते पहिल्या संमतीच्या वेळी मिळतं, म्हणून तेव्हाच जपून ठेवा. तिथलं अ‍ॅप अजून ‘टेस्टिंग’ अवस्थेत असेल आणि नाव-ईमेल-प्रोफाइलपलीकडं काही मागत असेल, तर रीफ्रेश टोकन सात दिवसांत मरतं. ‘दर आठवड्याला तुटतं’ अशी तक्रार आली की मी आधी हेच विचारतो.

काही प्रोव्हायडर दर वेळी नवं रीफ्रेश टोकन देतात आणि जुनं पुन्हा आलं तर चोरी समजून सगळी साखळी रद्द करतात. यूजरचे दोन टॅब एकाच क्षणी जुनं टोकन घेऊन गेले की एकाला नवं मिळतं, दुसरा चोर ठरतो आणि दोघेही बाहेर. रीफ्रेश एकाच ठिकाणाहून, कुलूप लावून करा.

अदृश्य आयफ्रेममधून (पानात लपवलेल्या दुसऱ्या पानातून) गुपचूप लॉगिन ताजं करण्याची जुनी युक्ती असेल तर ती सोडा. सफारीनं मार्च २०२० मध्ये तिसऱ्या पक्षाच्या (उघडलेल्या साइटहून वेगळ्या साइटच्या) कुकीज सरसकट बंद केल्या, तेव्हापासून तिथं ती चालत नाही.

इथं थांबा, जाणकाराला बोलवा

एका यूजरला दुसऱ्याचं खातं दिसलं, एकदाही, तर तपासत बसू नका. लॉगिन बंद करा आणि त्याच तासाला सुरक्षेच्या माणसाला फोन करा. मी पाहिलेल्या एका प्रकरणात सर्व्हरपुढच्या कॅशनं (उत्तरं साठवणाऱ्या थरानं) कॉलबॅकचं उत्तर सेट-कुकीसकट साठवून पुढच्या माणसाला वाढलं होतं. ते आपण कितीही हुशार असलो तरी एकट्यानं, घाईत, रात्री निस्तरायचं काम नाही.

सीक्रेट किंवा टोकन सार्वजनिक रिपॉझिटरीत, लॉगमध्ये किंवा स्क्रीनशॉटमध्ये गेलं असेल तर ते लगेच रद्द करून नवं घ्या. फाइल पुसून भागत नाही, इतिहासात ती राहते. मग कुणी ते वापरलं का हे शोधायला जाणकार हवा.

सही, ऑडियन्स किंवा स्टेटची तपासणी बंद केल्याशिवाय चालतच नाही, अशा टोकाला आलात तर काम तिथंच थांबवा. संस्थेच्या जुन्या सॅमल (लॉगिनचा आणखी एक प्रोटोकॉल) लॉगिनशी जोडणी असेल तर तिच्या अ‍ॅडमिनशिवाय एक पाऊलही पुढं जाता येणार नाही, उगाच दिवस घालवू नका. आणि वरचं सगळं करून अर्धा दिवस गेला असेल, तरीही जाणकाराला बोलवा.

बोलावलेल्या माणसाच्या हातात काय द्यायचं ते तयार ठेवा: बिघाडाची वेळ सेकंदासकट आणि टाइमझोनसकट, एररचा मूळ शब्द, प्रोव्हायडरनं दिलेला विनंती क्रमांक, आणि नेटवर्क टॅबमधून साठवलेली एचएआर फाइल (ब्राउझरच्या सगळ्या विनंत्यांची नोंद). ही फाइल पाठवण्याआधी उघडून तिच्यातल्या कुकीज, कोड आणि टोकनं पुसा आणि त्या चाचणी खात्याची सगळी सेशन बंद करा. अशी न पुसलेली फाइल ग्रुपवर टाकलेली मी दोनदा पाहिली आहे. दुसऱ्या वेळी तिच्यात अ‍ॅडमिनचं चालू सेशन होतं.